धार लावायला पाठवलेली कात्री बिघडून आली, आता काय?

प्रश्न : मी डिचोलीत घराच्याच पडवीत लहानसं पार्लर चालवते. मी डावरी आहे. तीन वर्षांपूर्वी एका कंपनीच्या मुंबईतल्या कार्यालयातून डाव्या हाताच्या दोन कात्र्या मागवल्या : केस कापायची २६,००० रुपयांची आणि थिनिंगची, म्हणजे केस विरळ करायची, १९,५०० रुपयांची. पाच वर्षं, वर्षातून एकदा मोफत धार लावून मिळेल, पाठवायचा खर्च ग्राहकाचा, असं हमीपत्रात आहे. जुलैच्या सुरुवातीला दोन्ही कात्र्या आणि भुवयांचा चिमटा स्पीड पोस्टाने पाठवला. पावतीवर वजन ३१० ग्रॅम आहे. ३५० रुपये हाताळणी शुल्कही भरलं. ‘साधनं मिळाली’ असा त्यांचा मेसेज आला. २८ जुलैला त्यांनी कुरिअरने पार्सल परत पाठवलं, तर त्यात थिनिंगची कात्री नाही, आणि दुसरी आता केस कापत नाही, नुसते दुमडते. कंपनी म्हणते, एकच कात्री आली होती, सेवा मोफत आहे, आणि आतल्या चिठ्ठीवर ‘हरवल्यास वा बिघडल्यास जबाबदारी नाही’ असं छापलेलं आहे. चवथीच्या आधीची सगळी गिऱ्हाइकं गेली. पोलिसांत तक्रार करू का? गोव्यात यासाठी वेगळा कायदा आहे का?

उत्तर : ताई, सगळ्यात आधी एक करा. ती कात्री आहे तशी मऊ कापडात गुंडाळून कपाटात ठेवा. तिने एकही केस कापू नका आणि बाजारातल्या धारवाल्याकडे तर मुळीच नेऊ नका. तुमच्या बाजूचा सगळ्यात मोठा पुरावा तीच आहे. तिच्यावर दुसऱ्या कुणाचा हात फिरला की कंपनी म्हणणार, बिघाड त्यानेच केला.

तुमचं पत्र वाचून मी पणजीत माझे केस कापणाऱ्या बाईंकडे गेले आणि त्यांच्याकडून समजून घेतलं. त्यांनी दोन कात्र्या ट्यूबलाइटखाली धरल्या. महागड्या कात्रीचं पातं बाहेरून शिंपल्याच्या पाठीसारखं गोलसर उतरत थेट धारेला मिळतं, मध्ये कुठे रेघ दिसत नाही. साध्या कात्रीला मात्र धारेलगत चकचकीत बारीक पट्टी दिसते, चाकावर तिरपी धरून घासल्याची. मग त्यांनी टिश्यू पेपर ओला करून कापला. पहिलीने तो अलगद चिरला, दुसरीच्या पात्यांत तो दुमडून अडकला. गोलसर धार दगडावर हळूहळू लावायची असते. ती चाकावर घासून पट्टीची केली, तर मूळ आकार आणण्यासाठी बरंच पोलाद घासून काढावं लागतं, आणि ते येणारे हात थोडे.

तुमच्या कात्रीला ती पट्टी आली असेल तर जवळून फोटो काढा. ओल्या टिश्यूवर एकदाच, सलग चित्रीकरण करत ती चालवून बघा. खरेदीच्या वेळचा किंवा आधीच्या दोन वर्षांतला कात्रीचा एखादा फोटो फोनमध्ये असेल तर तो शोधा. या धंद्यातल्या दोघी अनुभवी जणींचं प्रतिज्ञापत्र मिळालं तर उत्तमच. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९च्या कलम ३८ प्रमाणे ग्राहक आयोग सदोष वस्तू तपासणीला पाठवू शकतो. म्हणून म्हणते, ती आहे तशीच जपा.

आता ‘मोफत’ या शब्दाकडे येते, कारण कंपनीचा सगळा भर त्यावर आहे. फुकट दिलेली सेवा ग्राहक कायद्यात बसत नाही, हे खरं. पण ही धार फुकटची नाही. पाच वर्षं धार लावून मिळणार, हे सांगूनच कंपनीने ती कात्री २६,००० रुपयांना विकली. त्या धारेचे पैसे तुम्ही तीन वर्षांपूर्वी, खरेदीच्या दिवशीच मोजले आहेत. शिवाय ३५० रुपये वेगळे घेतले. नोटिशीत हे वाक्य घाला : ‘धार लावून देण्याचं वचन हा विक्रीच्या किमतीचा भाग होता.’ दुरुस्तीचं असं वचन पाळलं जाण्याची वाजवी शक्यताच नसताना ते देणं, ही याच कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा मानली आहे.

दुसऱ्याच्या ताब्यात कामासाठी दिलेली वस्तू, याला वकिली भाषेत बेलमेंट म्हणतात. भारतीय करार कायदा, १८७२च्या कलम १५१ प्रमाणे ती घेणाऱ्याने, समंजस माणूस स्वतःच्या वस्तूची घेईल तेवढी काळजी घ्यायलाच हवी. वस्तू त्याच्या ताब्यात असताना हरवली, तर आपण काळजी घेतली होती हे त्याने दाखवायचं असतं, तुम्ही नव्हे. गोव्याबद्दल विचारलंत म्हणून सांगते : आपल्याकडे नवरा-बायकोच्या मालमत्तेला पोर्तुगीज काळातला दिवाणी कायदा लागतो, पण कात्री धार लावायला देणं हा करार आहे आणि त्याला देशभरचाच कायदा लागतो.

राहिली ती चिठ्ठी. ती तुमच्या हातात कधी आली? कात्र्या पाठवून झाल्यावर, परतीच्या खोक्यातून. व्यवहार ठरताना जी अट समोरच नव्हती, ती मागाहून तुमच्यावर लादता येत नाही. साठच्या दशकात मद्रास उच्च न्यायालयात असाच एक वाद गेला होता. धुवायला दिलेली साडी लाँड्रीने हरवली होती, आणि पावतीमागे भरपाई किमतीच्या पंधरा टक्क्यांपुरतीच, असं छापलेलं होतं. न्यायालयाने ती अट मानली नाही. मात्र हमीपत्राची मागची बाजू भिंगाने वाचा. तिथेही तशीच अट असेल तर मला आधी कळवा, मग मांडणी बदलावी लागेल.

‘एकच कात्री आली’ याला तुमच्याकडे चांगलं उत्तर आहे : ते ३१० ग्रॅम. तेच खोकं, तीच पाकिटं असतील तर त्यात चिमटा आणि उरलेली कात्री घालून सोनाराच्या काट्यावर वजन करा आणि त्याच्याकडून तारखेची चिठ्ठी घ्या. पणजीच्या बाईंची थिनिंगची कात्री काट्यावर साधारण ६० ग्रॅम भरली. तुमचं वजन तेवढंच कमी भरलं, तर दुसरी कात्री खोक्यात होती हे दिसेल. पार्सल मिळाल्याच्या मेसेजमध्ये काही कमी असल्याचा शब्द नाही, हेही लिहा. तो मेसेज फोनवरून पुसू नका, नुसत्या स्क्रीनशॉटवर भागवू नका. पोस्टाला यात ओढू नका, नियमांत ठरलेल्या मर्यादेपलीकडे त्यांच्यावर जबाबदारी येत नाही.

तुम्ही कात्री धंद्यासाठी वापरता, म्हणून तुम्ही ग्राहकच नाही, असं कंपनी म्हणेल. घाबरू नका. फक्त स्वयंरोजगारातून पोट भरण्यासाठी घेतलेली वस्तू ‘व्यापारी हेतू’त धरत नाहीत, हे कायद्यातच लिहिलं आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये लक्ष्मी इंजिनीअरिंगच्या निकालात सांगितलं की हाताखाली एक-दोन मदतनीस असले तरी माणूस ग्राहकच राहतो. पार्लरमध्ये कात्री तुम्ही स्वतः चालवता, हे तक्रारीत स्पष्ट लिहा.

पोलिसांत जाऊ नका. विश्वासघाताचा गुन्हा ठरायला अप्रामाणिक हेतू दाखवावा लागतो. इथे दिसतो तो निष्काळजीपणा, आणि त्याची दाद ग्राहक आयोगात मिळते.

आधी कंपनीला पंधरा दिवसांची लेखी नोटीस पाठवा. मागणी अशी करा : कापायच्या कात्रीऐवजी तशीच डाव्या हाताची नवी कात्री किंवा तिची किंमत, थिनिंगच्या कात्रीची किंमत, आणि बुडालेल्या कामाची भरपाई. डावऱ्या हाताची कात्री इथे दुकानात सहज मिळत नाही, हे आवर्जून लिहा, म्हणजे उजव्या हाताची घ्या म्हणून कुणी सांगणार नाही. बुडालेलं काम दाखवायला अपॉइंटमेंटची वही हवी. वापरलेल्या वस्तूची पूर्ण किंमत दरवेळी मिळते असं नाही, तयारी ठेवा.

आणि एक तारीख कॅलेंडरवर लाल शाईने मांडा. परतीचं पार्सल कुरिअरने आलं, आणि रस्ता वाहतूक कायदा, २००७ कुरिअर कंपन्यांनाही लागू आहे. त्याच्या कलम १६ प्रमाणे बुकिंगपासून १८० दिवसांत लेखी नोटीस गेली नाही, तर हरवल्याबद्दल कुरिअरवर दावा करता येत नाही. २८ जुलैपासून मोजलं तर शेवटचा दिवस २४ जानेवारी. कात्री वाटेत हरवली असं कंपनी उद्या म्हणू लागली, तर तुमच्या हाती काही उरायला हवं. म्हणून कुरिअरलाही याच आठवड्यात नोटीस पाठवा.

ग्राहक आयोगासाठी मुदत दोन वर्षांची आहे, पण थांबण्यात अर्थ नाही. तुम्ही राहता तिथल्या जिल्हा आयोगात, म्हणजे पर्वरीच्या उत्तर गोवा आयोगात तक्रार करता येते. मुंबईला जावं लागत नाही. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही, ऑनलाइनही दाखल करता येते. तिथे मध्यस्थीचा पर्याय पुढे आला तर ऐकून घ्या, कात्री लवकर हातात येणं तुमच्यासाठी महत्त्वाचं आहे. वकिलाचा खर्च जड जात असेल तर डिचोलीच्या न्यायालयात विधी सेवा समितीकडे चौकशी करा. १९८७च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो, त्यासाठी उत्पन्नाचा दाखला लागत नाही. तोवर चालवायला म्हणून जी कात्री विकत घ्याल, तिची पावतीही याच फाइलला लावा.