लेखक निर्माता झाला की संपतो का?

तुमचा प्रश्न : ‘पटकथा लिहिणारा माणूस निर्मितीत गेला की त्याच्यातला लेखक मरतो का? बाहेरच्या देशातलं उदाहरण आहे का?’ नेमकं हेच सोळा वर्षांपूर्वी एका जिवलग मित्राने मला सुनावलं होतं, म्हणून लिहायला बसलो.

उदाहरण आहे : ब्राझीलचे चित्रपट-निर्माते लुईस कार्लोस बार्रेतो. जन्म १९२८, सेआरा राज्यातल्या सोब्रालचा. आधी ते एका मोठ्या साप्ताहिकात छायाचित्रकार-पत्रकार होते. १९६० साली रिओजवळ रेल्वे कामगारांचा पगार नेणारी गाडी लुटली गेली. त्या दरोड्यावर रोबेर्तो फारियास यांनी १९६२ मध्ये चित्रपट केला, त्याच्या पटकथेत बार्रेतोंचा वाटा होता. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘विदास सेकास’ या चित्रपटासाठी कॅमेरा हातात घेतला.

तो चित्रपट मी त्या मित्राबरोबर फिल्म सोसायटीत पाहिला. आम्ही दोघांनी मिळून दोन वर्षं एक पटकथा लिहिली होती आणि ती कोणी घेत नव्हतं. पडद्यावर वंगण नसलेल्या बैलगाडीच्या चाकाची कुरकुर, दुष्काळातून चालत निघालेलं कुटुंब, सोबत कुत्री. आणि आभाळ? पांढरंफटक. एक ढग नाही, एक छटा नाही. मित्र म्हणाला, “प्रिंट जळलीय.” मी म्हटलं, “नाही रे, भिंगावर फिल्टरच लावलेला नाही. ऊन डोळ्यांना टोचावं म्हणूनच केलंय.”

बाहेर चहा घेताना मी सांगून टाकलं की आपल्या पटकथेवर चित्रपट मीच काढणार, पैसे मी उभे करतो. तो भडकला. “तुझा बार्रेतो कॅमेऱ्यामागे होता तोवर कलावंत. निर्माता झाला आणि गल्ल्यावर बसला.” त्याचा रोख ‘दोना फ्लोर’वर होता. १९७६चा चित्रपट, दिग्दर्शक बार्रेतोंचाच विशीतला मुलगा ब्रूनो. एक कोटीहून जास्त प्रेक्षक, आणि ब्राझीलच्या चित्रपटांतला प्रेक्षकसंख्येचा तो विक्रम थेट २०१० मध्ये मोडला. गल्ला होताच. त्यात लाज कसली?

मला तेव्हा सुचलं नाही ते आज सांगतो. ‘विदास सेकास’ ग्रासिलियानो रामोस यांच्या कादंबरीवरचा, दिग्दर्शक नेल्सन पेरेइरा दोस सांतोस. एकवीस वर्षांनी, १९८४ मध्ये, लष्करी राजवट अजून गेलेली नसताना, त्याच रामोस यांच्या तुरुंगातल्या आठवणींवर त्याच नेल्सननी चित्रपट केला. निर्मितीत बार्रेतो होते. बार्रेतोंमधला लेखक संपला असता तर ते रामोस यांच्याकडे परत का गेले असते? कोणती गोष्ट पडद्यावर येणार, हे निर्माताच ठरवतो. संवाद लिहिण्याइतकंच ते लेखनाचं काम आहे, मी तर म्हणेन जास्त.

१९९० मध्ये सरकारने एम्ब्राफिल्म ही चित्रपटांना पैसा पुरवणारी आणि त्यांचं वितरण करणारी सरकारी संस्था बंद केली आणि तिथली निर्मिती जवळपास थांबली. तरी बार्रेतोंच्या घरातून ‘ऊ क्वात्रील्यू’ हा चित्रपट आला आणि १९९६ मध्ये परभाषिक चित्रपटांच्या ऑस्करच्या नामांकनात गेला. १९९८ मध्ये आणखी एक. दोन्ही वेळा बाहुली नेदरलँड्सने नेली.

आता खरं तेही सांगायला हवं. बार्रेतोंच्या नावावर पटकथा थोड्याच आहेत. पत्नी लुसी बरोबरीने निर्मिती सांभाळत होत्या, आणि ‘दोना फ्लोर’च्या वितरणाला एम्ब्राफिल्म होती. तुमच्याकडे यातलं काही नसेल तर घर गहाण ठेवून उडी मारू नका. सहलेखकाशी हक्कांचा करार आधी कागदावर करा. मी केला नव्हता.

मित्र त्या दिवसापासून बोलत नाही. चित्रपट मी केला. शूटिंगच्या चौथ्या दिवशी जेवणाची माणसं मोजताना लक्षात आलं की शेवटचा प्रसंग रात्रीऐवजी पहाटे घेतला तर जनरेटरचं भाडं वाचतं. तिथेच उभ्या उभ्या प्रसंग पुन्हा लिहिला. म्हातारी दार उघडते तेव्हा बाहेर उजाडलेलं असतं. आमच्या दोन वर्षांच्या कागदांत ते उजाडणं कुठेच नव्हतं.