साठेखत (पुढे विकण्याचा करार) झालंय, पण मालक खरेदीखत करून देत नाही. कोर्ट जबरदस्तीने करून देईल का?

देईल. पण तुम्ही प्रश्नात जे लिहिलंय ना, की साठेखत रजिस्टर आहे, 30 लाखांतले 8 लाख चेकने दिलेत, आता भाव वाढले म्हणून मालक म्हणतोय तुमचे पैसे परत घ्या आणि विषय संपवा, ते सगळं मालकाबद्दल आहे. कोर्टात उलटतपासणी आधी तुमची होणार आणि त्यात विचारणार की बाकीचे 22 लाख त्या वेळी तुमच्याकडे होते का, कुठे होते, दाखवा.

मी दिवाणी दावे चालवतो, आणि आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक पार्ट्यांना वाटतं मालक फिरला एवढं सिद्ध केलं की झालं. तसं नाहीये. स्पेसिफिक रिलीफ अॅक्ट, म्हणजे करार प्रत्यक्षात पाळायला लावणारा कायदा, त्याच्या कलम 16 प्रमाणे करारातला तुमचा वाटा पूर्ण करायला तुम्ही कायम तयार होता हे तुम्हालाच सिद्ध करावं लागतं, याला सगळे रेडी अँड विलिंग म्हणतात. यातलं विलिंग, म्हणजे इच्छा, सोपं असतं, चार नोटिसा पाठवल्या की दिसतं, अडतं ते रेडीवर, म्हणजे पैशांच्या तयारीवर. पैसे आधीच कोर्टात भरलेले पाहिजेत असं नाही, कोर्टाने सांगितलं तर भरायचे, पण त्या काळातलं बँक स्टेटमेंट, एफडी, होम लोनचं सँक्शन लेटर असं काहीतरी पाहिजे. "मेहुणा देणार होता" असं साक्षीत सांगतात लोक. मग त्या मेहुण्याला त्याचं पासबुक घेऊन पिंजऱ्यात उभं करावं लागतं, आणि तो येत नाही.

2018 च्या दुरुस्तीआधी करार खरा असला तरी आदेश द्यायचा की नाही हे कोर्टाच्या विवेकावर होतं, आता ते बऱ्यापैकी गेलं. पण कलम 16 आहे तिथेच आहे, त्यामुळे नवीन कायदा आपल्या बाजूने आहे असं कुणी सांगितलं तर अर्धंच ऐका.

मुदतीचं बघा. साठेखतात सहा महिने लिहिलेत आणि ते ऑगस्ट 2023 ला संपले असं तुम्ही म्हणताय, म्हणजे तिथून 3 वर्षं, ऑगस्ट 2026 च्या आत दावा दाखल झालाच पाहिजे. नोटिसा पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही, आणि दिवाळीनंतर करून देतो, मुलीचं लग्न होऊ दे, असं तोंडी ऐकत बसल्यानेही वाढत नाही, चांगली माणसं यातच बुडतात. उलट मालक म्हणत असेल की सहा महिने उलटले म्हणजे करार आपोआप रद्द, तर तेही साधारण चालत नाही, स्थावर मिळकतीत वेळ हा कराराचा गाभा धरत नाहीत हे सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने 1992 लाच सांगितलंय. मात्र त्याने रद्द केल्याची लेखी नोटीस दिली असेल तर ती बेकायदेशीर आहे असं ठरवून मागा, नुसतं खरेदीखत मागून भागणार नाही.

भावाबद्दल. भाव वाढला एवढ्यावर मालक सुटत नाही, पण जुन्याच रेटने मिळेल अशी खात्रीही धरू नका. दिल्लीत सिव्हिल लाइन्समधला सलमान रश्दींच्या वडिलांचा बंगला, 1970 चा करार, किंमत पावणेचार लाख, विसार (आगाऊ दिलेली रक्कम) 50 हजार. 2012 मध्ये सुप्रीम कोर्टाने खरेदीदाराच्या बाजूने निकाल दिला, पण किंमत निकालाच्या दिवशीच्या बाजारभावाने. 2019 ला हायकोर्टाने ती 130 कोटी काढली! आता याला जिंकणं म्हणायचं की काय ते तुम्हीच ठरवा.

दावा लावलात की त्याच आठवड्यात मनाईचा अर्ज करा आणि लिस पेंडन्सची, म्हणजे या मिळकतीवर दावा चालू आहे अशी, नोटीस दुय्यम निबंधकाकडे रजिस्टर करून टाका, महाराष्ट्रात हे करायचंच, नाहीतर मालक तिसऱ्याला विकतो आणि तो तिसरा म्हणतो मला काही माहीत नव्हतं. मागणीत ताबा आणि पर्यायी म्हणून विसार व्याजासकट परत हेही लिहायला सांगा वकिलांना, मागितलं नाही तर कोर्ट आपणहून देत नाही.

डिक्री, म्हणजे कोर्टाचा अंतिम हुकूम, झाली की कोर्टाने दिलेल्या तारखेच्या आत पैसे भरा, उशीर झाला तर मालक करारच रद्द करून मागू शकतो. भरलेत आणि तरी त्याने सही केली नाही तर कोर्टाने नेमलेला माणूस त्याच्या वतीने सही करून दस्त नोंदवून देतो, तिथे मालकाची गरजच उरत नाही.

एक राहिलं, प्लॉट वडिलोपार्जित असेल तर साठेखतावर मालकाच्या बहिणींच्या सह्या आहेत का? नसतील तर सगळ्यात आधी वकिलांना तेच दाखवा, कारण तेव्हा बहिणींच्या हिश्शाचं खरेदीखत त्यांच्या भावाकडून मिळत नाही आणि दावा कशाचा लावायचा हेच बदलतं.