‘इत्तेफाक’चा शेवट मित्राने सांगून टाकला, आता हा सिनेमा पाहण्यात काही अर्थ आहे का?

आहे. आज रात्रीच पाहा. तुमच्या मित्राने निदान सरळ खुन्याचं नाव तरी सांगितलं, आमच्या मामाने तेवढीही माणुसकी दाखवली नव्हती.

मी नववीत होतो. मे महिना, नागपूर, म्हणजे काय ते समजून घ्या. मावसबहिणीचं लग्न आटोपून सगळे महाल भागातल्या मामाच्या घरी मुक्कामाला. बर्डीवरून एका रात्रीसाठी भाड्याने व्हीसीआर आणि तीन कॅसेटी आणल्या होत्या. दोन मारधाडीच्या, तिसरी ‘इत्तेफाक’. कूलर एवढा खडखडायचा की संवाद ऐकू येईनात, म्हणून मामीने तो बंदच केला. एका खोलीत वीसेक माणसं आणि एक टेबलफॅन. लग्नपत्रिकांनी वारा घेणं चाललेलं. पडद्यावर धो धो पाऊस, इकडे आमच्या बनियनी पिळून काढाव्यात अशा.

बायकोच्या खुनाचा आळ असलेला राजेश खन्ना वेड्यांच्या इस्पितळातून पळून नंदाच्या बंगल्यात घुसतो. ती घरात एकटी. मग त्याला बाथटबमध्ये तिच्या नवऱ्याचं प्रेत दिसतं. आमच्या खोलीत पत्रिका हलायच्या थांबल्या. आणि नेमका तेव्हा मामा सुपारी कातरता कातरता मला म्हणाला, “तिच्याकडं पाह्यत राय बरं, भाच्या.”

झालं! पुढे मी सिनेमा पाहिलाच नाही, नुसती नंदा पाहिली.

आता तुमचा प्रश्न. 1969चा हा सिनेमा पावणेदोन तासांचाही नाही आणि त्यात एकही गाणं नाही. ‘आराधना’ही त्याच वर्षीचा, म्हणजे राजेश खन्ना गाण्यांवर डोक्यावर घेतला जात होता तेव्हाची ही गोष्ट. यश चोप्रांना दिग्दर्शनाचा फिल्मफेअर मिळाला, पण माझ्या मते खरी करामत नंदाला घेण्यात आहे. जुन्या मराठी सिनेमातल्या मास्टर विनायकांची मुलगी, ‘छोटी बहन’मधली गरीब गाय. अशा चेहऱ्यावर संशय घ्यायला आपलंच मन धजत नाही. शेवट माहीत असला की ती कुठे खरं घाबरते आणि कुठे नुसतं दाखवते, हे शोधत बसता येतं. मी नंतर चारदा पाहिला, दर वेळी नवं सापडलं. खुनी कळला की सिनेमा संपला असं म्हणणाऱ्यांनी शब्दकोडी सोडवावीत.

हां, राजेश खन्नाचा आरडाओरडा मधेमधे जास्त होतो, आणि गाण्यांशिवाय चैन पडत नसेल तर ‘गुमनाम’ लावा. शिवाय चोप्रांच्याच घरचा ‘धुंद’ (1973) मात्र शेवट न कळता पाहा, त्याला ही सूट नाही. आणि हे वाचणाऱ्यांपैकी कोणी ‘इत्तेफाक’ पाहिलेला नसेल तर माफ करा, मामाचा गुण भाच्यात उतरला म्हणायचं.

मामा आता ऐंशीला आला. गेल्या दिवाळीत परत विषय काढला, तर म्हणतो, “म्या नाव घेतलं का? नाही ना? मंग काऊन बोंबलून राह्यला?” मामी आतून म्हणाली, “त्याच्या आधी माह्या कानात नाव बी सांगतलं होतं यायनं.”