पैसे तुम्ही मोजले, पण कोड कोणाचा?

नागपूरच्या कळमना मार्केटमधल्या एका अडत्यांनी विचारलं आहे: २००४ साली ओळखीच्या प्रोग्रामरकडून फॉक्सप्रो या जुन्या प्रोग्रामिंग भाषेत हिशोबपट्टीचं सॉफ्टवेअर करून घेतलं. पैसे रोख दिले, कागद केला नाही. प्रोग्रामर वारले, त्यांचा कॉम्प्युटर भंगारात गेला, हाती उरली फक्त ईएक्सई फाइल, म्हणजे चालणारा प्रोग्राम; लिहिलेला मूळ कोड नाही. हमाली-तोलाईचे दर आतच बांधलेले, त्यामुळे बदलता येत नाहीत. एक मुलगा डीकंपाइल करून, म्हणजे ईएक्सईमधून मूळ कोड परत काढून देतो म्हणतो. शेजारच्या दोन दुकानांनाही विकायचं आहे. चालेल का?

भाऊ, पैसे दिले म्हणून कोड तुमचा होत नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ प्रोग्रामला साहित्यकृती मानतो आणि कलम १७ प्रमाणे पहिला मालक लिहिणारा. तो तुमच्याकडे पगारी नोकर असता तर हक्क तुमचा होता. ठोक काम करणारा नोकर ठरत नाही. हा हक्क मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो, म्हणजे आज तो वारसांचा आहे.

तरी घाबरू नका. कलम ५२(१)(एए) तुमच्यासारख्यांसाठीच आहे. प्रत रीतसर ताब्यात असेल, तर ती ज्या कामासाठी दिली त्याच कामाला वापरता यावी म्हणून तिच्यात फेरबदल करता येतात. नवे दर घालून पट्टी काढणं हे तेच काम. ‘डीकंपाइल’ हा शब्द कलमात नाही, पण माझ्या मते तुमची बाजू भक्कम आहे. युरोपीय न्यायालयाने २०२१ मध्ये ‘टॉप सिस्टिम’ प्रकरणात चूक दुरुस्त करण्यापुरतं डीकंपाइल मान्य केलं. आपल्या कोर्टांवर ते बंधनकारक नाही, युक्तिवादाला मात्र कामी येतं.

शेजाऱ्यांना विकणं अजिबात नको. तो कलम ६३ खालचा गुन्हा आहे: ६ महिने ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड.

विकायचंच असेल तर आधी वहिनींकडे, म्हणजे प्रोग्रामरच्या पत्नीकडे जा. पत्नी, मुलं आणि हयात असेल तर प्रोग्रामरची आई, सगळ्यांच्या सह्या घ्या. आईची सही लोक हमखास विसरतात. कलम १९ प्रमाणे करार लेखीच हवा. कोणते हक्क, मोबदला किती, मुदत किती, सगळं लिहा. मुदत लिहिली नाही तर कायदा ती ५ वर्षंच धरतो. वहिनींना रास्त रक्कम द्या, त्यांच्या घरच्या कष्टाची ती कमाई आहे.

आणि डीबीएफ फाइलींमधला, म्हणजे सॉफ्टवेअर नोंदी साठवतं त्या फाइलींमधला शेतकऱ्यांचा, मालाचा हिशोब तुमचा स्वतःचा आहे. त्या मुलाने कॉम्प्युटरला हात लावायच्या आधी त्या फाइली आणि ईएक्सई आजच दोन पेनड्राइव्हवर उतरवून ठेवा.