कलावंतीण कोणाची बायको?

गुहागर तालुक्यातल्या एका शिक्षिकाबाईंनी विचारलंय. शाळेच्या वार्षिक अंकासाठी त्यांनी १९०० च्या आगेमागे गाणाऱ्या, नाटकं लिहिणाऱ्या, चित्रं काढणाऱ्या बायकांवर लेख लिहिला, शीर्षक दिलं 'शतकाच्या वळणावरच्या कलावंतिणी', आणि अंकाच्या कमिटीतले एक निवृत्त गुरुजी भडकले. म्हणे हा शब्द शाळेच्या अंकात शोभत नाही, 'महिला कलाकार' करा. बाईंचं म्हणणं, कलावंत चांगला तर त्याचं स्त्रीलिंग वाईट कसं? आणि चित्रं काढणारीला नेमकं म्हणायचं काय?

बाई, आधी त्या 'महिला कलाकार'चं बघू, कारण ते ऐकून ऐकून कान किटलेत. महिला डॉक्टर, महिला पोलीस, महिला कवी, महिला रिक्षाचालक! लोकलला जसा एक डबा वेगळा रंगवून जोडतात तसा प्रत्येक शब्दाला पुढून 'महिला' जोडायचा आणि झालं आमचं स्त्रीलिंग. मराठीला स्त्रीलिंग करायला प्रत्ययांचा तोटा आहे का काय? दुसरा वैताग पनवेलकडचा. प्रबळगडाशेजारच्या कलावंतीण सुळक्यावर चढून रील करणारे सगळे सांगत असतात की कलावंतीण नावाची राणी होती, तिच्यावर राजाचं प्रेम होतं वगैरे. अहो कलावंतीण हे नाव नाही, तो नाचगाण्याचा पेशा आहे. पन्हाळ्यावर नायकिणीचा सज्जा आहे, तिथे कोणी 'नायकीण नावाची राणी' शोधत नाही, मग इथेच काय झालं? असो.

कलावंत कसा झाला ते फार सांगत नाही, संस्कृत कलावत्, त्याचं अनेकवचन कलावन्तः, तेच आपण एकवचनात घेतलं, जसं भगवंत, श्रीमंत, धनवंत. संस्कृतातलं रीतसर स्त्रीलिंग कलावती. ते आपण मुलीच्या नावासाठी ठेवलं आणि पेशासाठी आपला घरचा -ईण लावला. खरी गजाल, म्हणजे गोष्ट, या -ईणची आहे.

पाटलीण कोण? पाटलाची बायको. सुतारीण रंधा मारत नाही, ती सुताराची बायको. भटीण पूजा सांगायला जात नाही. वकिलीणबाई म्हटलं की जुन्या मराठीत वकिलाची बायकोच यायची, कोर्टात उभी राहणारी नव्हे. कुंभारीण दिवसभर माती मळते, मडकी थापते, रंगवते, तरी नाव नवऱ्याच्या चाकाचंच. स्वतःच्या बांधकामावर कुंभारीण म्हणवणारी एकच, ती भिंतीवर मातीचं घरटं करणारी माशी! थोडक्यात -ईण म्हणजे बहुतेक वेळा 'अमक्याची'. आता अपवाद बघा. सुईण. मोलकरीण. नायकीण. कलावंतीण. सुईण ही कुठल्या सुयाची बायको नाही, कलावंतीण कलावंताची बायको नाही. या शब्दांत नवरा नाहीच, जी आहे ती स्वतःच्या कामाने आहे आणि पैसा तिच्या स्वतःच्या हातात पडतो. आणि गंमत म्हणा की लबाडी म्हणा, नेमके हेच शब्द आपण खालच्या आवाजात बोलतो. मोलकरीण म्हणायची लाज वाटते म्हणून 'मावशी', कलावंतीण म्हणायची लाज वाटते म्हणून 'महिला कलाकार'. गुरुजींना शब्दाचा राग नाही, त्यातल्या नवरा नसण्याचा आहे, असं मी म्हटलं तर गुरुजी मला अंकात छापणार नाहीत, पण आहे ते हे आहे.

यावर एक विद्वान मला नेहमी अडवतात की गोव्यात आणि आमच्या सावंतवाडी पट्ट्यात कलावंत हा समाजच होता, तेव्हा त्या समाजातली बाई ती कलावंतीण, जशी कोळ्याची कोळीण, यात कर्तृत्वाचा संबंध काय. म्हणणं वरवर बरोबर वाटतं, पण उलटं आहे. माझा तर्क असा की कलावंतीण आधी आणि कलावंत मागून, म्हणजे त्या समाजाच्या नावापुरतं बोलतोय, संस्कृत शब्दाचं नव्हे. मैफल कुणाच्या नावाची? बाईच्या. देवळातली सेवा कुणाकडे? बाईकडे. तबला-सारंगी घेऊन मागे बसणारा भाऊ किंवा मामा, तो कलावंतिणीच्या घरचा म्हणून कलावंत. मुलांना नाव मिळायचं ते आईकडून. जिथे घरच आईच्या नावाने चालतं तिथे पुल्लिंगावरून स्त्रीलिंग झालं असं कुठल्या तोंडाने सांगता? वाघीण वाघावरून झाली हे व्याकरण झालं, पण माणसांच्या वस्तीत व्याकरण कधीकधी मागून येतं. विद्वानांनी यावर अजून उत्तर दिलेलं नाही, नुसतं 'पुरावा द्या' म्हणतात.

पुरावा या घरांतल्या गायिकांच्या आडनावांत आहे! केसरबाई केरकर, केरीच्या. मोगूबाई कुर्डीकर, कुर्डीच्या. अंजनीबाई मालपेकर, मालप्याच्या. बापाचं नाव नाही, नवऱ्याचं नाही, सरळ गाव. बाकीच्या बायका लग्नात नाव-आडनाव दोन्ही बदलून घेत होत्या त्या काळात या गावाला -कर लावून मोकळ्या. कुर्डी तर साळावलीच्या धरणात गेली, पण कुर्डीकर राहिल्या. पुढच्या पिढीत बघा, मोगूबाईंची मुलगी किशोरी आमोणकर, आडनाव सासरचं, आणि लोक म्हणणार किशोरीताई. बाईची ताई झाली. आईची 'बाई' आणि मुलीची 'ताई' यांच्यामध्ये किती काय काय घडून गेलं, बाई, तुमच्या लेखात याला एक परिच्छेद द्याच. आणि केसरबाईंची भैरवी, 'जात कहाँ हो', १९७७ साली व्हॉयेजर यानावरच्या तबकडीत घालून अवकाशात पाठवली, तिथे तिला कोणी महिला कलाकार म्हणत नाही.

आता माझ्या आवडीच्या शब्दाकडे येतो, ज्यासाठी हे सगळं लिहायला बसलो. नायकीण! मूळ नायक, संस्कृतातला 'नी' धातू, नेणं, पुढे चालवणं. नायक म्हणजे पुढे होऊन नेणारा. आता याची दोन स्त्रीलिंगं मराठीत आहेत. एक संस्कृत नियमाने, -अकचं -इका, गायक-गायिका तसं नायक-नायिका. दुसरं आपल्या -ईणने, नायकीण. एकच धातू, एकच नायक, अर्थ एकच असायला हवा. आणि झालं काय, तर नायिका पुस्तकात जाऊन बसली, सुशील, पतिव्रता, पाचव्या अंकात रडणारी, आणि नायकीण राहिली नाचगाण्याचा ताफा घेऊन गावोगाव. माझं विचाराल तर नेणारी हा मूळ अर्थ नायकिणीनेच पाळला. ताफा ती चालवायची, कार्यक्रमाची सुपारी ती ठरवायची, साथीदारांना पैसे ती वाटायची. नायिका कुणाला काय नेते? तिलाच तर सगळे नेत असतात, कधी हरण करून तर कधी वरात काढून. काही कोशांनी नायकिणीपुढे 'वेश्या' एवढं लिहून पान उलटलंय. कोशकाराला ताफ्याचा जमाखर्च कोणी दाखवला नसावा.

आणि हे नुसतं शब्दांत घडलेलं नाही. आमच्या सावंतवाडीत १८८५ साली हिराबाई पेडणेकर जन्मल्या, नायकिणीच्या घरात. गाणं शिकल्या, पुढे मुंबईत गिरगावात राहिल्या, आणि १९०४ मध्ये 'जयद्रथविडंबन' नाटक लिहिलं, मग 'संगीत दामिनी', जे १९१२ मध्ये ललितकलादर्श नाटक मंडळीने रंगभूमीवर आणलं. म्हणजे नायकिणीच्या पोरीने नायिका लिहिली! आणि ती नायिका स्टेजवर उभी केली पुरुषाने, कारण तेव्हा स्त्रीभूमिका पुरुषच करायचे. नाटक बाईने लिहायचं, बाईचं पात्र पुरुषाने करायचं, बघायला बसायचे ते बहुतेक पुरुषच. हिराबाई पहिल्या स्त्री नाटककार की नाही यावर लोक हमरीतुमरीवर येतात, मी त्यात पडत नाही, 'पहिली' या शब्दाचं वेड हा वेगळाच रोग आहे. उत्तरायुष्यात त्या तुमच्याच पालशेतला येऊन राहिल्या आणि १९५१ मध्ये तिथेच वारल्या. पालशेत तुमच्या तालुक्यात, बाई, आणि तुमचे गुरुजी म्हणतात कलावंतीण शब्द शोभत नाही. त्याच काळात गिरिजाबाई केळकर लिहीत होत्या, खाडिलकरांच्या 'बायकांचे बंड'ला उत्तर म्हणून त्यांनी 'पुरुषांचे बंड' लिहिलं, १९१३ साली, आणि १९२८ मध्ये त्या नाट्यसंमेलनाच्या अध्यक्ष झाल्या. दोघी नाटककार. एकीच्या नावामागे सौभाग्यवती लागत होतं, दुसरीला लागणार नव्हतं. कुणाला किती मान मिळाला ते तुम्हीच ताडा.

नटीचं तर अजून मजेशीर. संस्कृत नाटकाच्या सुरवातीला सूत्रधाराबरोबर जी नटी येते ती त्याची बायको. म्हणजे नटीसुद्धा कुणाची तरीच! आणि आपल्या संगीत नाटकात ती बायकोही पुरुष. आमच्याकडे दशावतारी नाटकात अजून बहुतेक तेच, ऋद्धी-सिद्धी, सरस्वती सगळ्या स्त्रीपार्टी, म्हणजे बाईचं काम करणारे पुरुष. इंग्रजी पार्टला मराठी ई लावून केलेला हा शब्द मला फार आवडतो, तो करणाऱ्याला 'नटी' म्हणवेना आणि 'नट' पुरेना म्हणून झालेला. सिनेमात १९१३ साली राजा हरिश्चंद्राची तारामती पुरुषाने केली, आणि त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या नि त्यांची मुलगी कमळाबाई मोहिनी. तिथून पुढे नटीला नवऱ्याची गरज उरली नाही, तर लोकांनी 'नटी' शब्दच हलका केला आणि अभिनेत्री आणली. बाई स्वतःची झाली रे झाली की शब्द बदलतो, हा नियम समजा.

बदलून जे येतं ते बहुतेक -इका. लेखिका, गायिका, संपादिका, दिग्दर्शिका. शुद्ध आहेत, मान्य. पण माझ्या कानाला -इका म्हटलं की छोटं पुस्तक वाटतं. पुस्तिका, पत्रिका, मार्गदर्शिका, दिनदर्शिका. दिग्दर्शिका म्हटलं की खिळ्याला टांगायची वस्तू वाटते हो! एका संस्कृतच्या प्राध्यापकांनी मला समजावलं की लहान दाखवणारा प्रत्यय वेगळा आणि हा वेगळा. असेल, पण ऐकणारा माणूस पाणिनी खिशात घेऊन फिरत नाही.

राहिली तुमची चित्रं काढणारी. 'चित्रकर्ती' लोक वापरतात, बरा आहे, जरा सत्यनारायणाच्या पूजेतला वाटतो एवढंच. मला विचाराल तर आमच्या सावंतवाडीच्या चितारआळीत चला. लाकडी फळं, बाहुल्या, पाट, रंगाचे वाट्या-ब्रश पुढ्यात आणि केळ्याच्या पिवळ्यावर तपकिरी रेघ ओढणारी बाई मान वर न करता तुमच्याशी दर बोलते. हे चितारी लोक. चित्रकारचा त्र झिजून त झाला, क गळला, चितार, चितारी. सुवर्णकारचा सोनार झाला, कुंभकारचा कुंभार झाला, त्याच वाटेने. आणि त्याचं स्त्रीलिंग चितारीण. आज तो शब्द चिताऱ्याच्या बायकोला लागतो, पण कलावंतिणीसारखा तिच्या हातातल्या ब्रशला का लागू नये? अंबिका धुरंधर १९३१ मध्ये जे. जे. स्कूलमधून डिप्लोमा घेऊन बाहेर पडल्या, अँजेला त्रिंदाद मूळच्या गोव्याच्या, त्याही जे. जे.च्याच. दोघींचे वडील नावाजलेले चित्रकार, आणि घरात चित्रकार बाप असल्याशिवाय मुलीला ब्रश मिळणं तेव्हा कठीणच होतं. त्याच्या आधीच्या काळात बाई चित्रात असायची, चित्रासमोर नव्हे. मालपेकर अंजनीबाई स्वतः एवढ्या मोठ्या गायिका, १९५८ मध्ये संगीत नाटक अकादमीची फेलोशिप मिळवणाऱ्या पहिल्या बाई, पण राजा रविवर्म्याची प्रेरणा म्हणूनच त्यांची ओळख करून देणारे भेटतात. 'चितारीण अंबिका धुरंधर' हे आज कानाला टोचेल, मान्य, पण वापरून वापरून टोक बोथट होतं, मास्तरीण नाही का रुळली?

तर शीर्षक. कलावंतिणी ठेवा. गुरुजींनी फारच ताणलं तर त्यांना केरकर, कुर्डीकर, पेडणेकर ही यादी दाखवून विचारा की यातली कोण अंकात शोभत नाही. आणि 'शतकाच्या वळणावर' मात्र काढा. ते मराठी नाही, वळण कुंभार्ली घाटात असतं, शतक आपल्याकडे पालटतं.