रात्रीचं जेवण आधी सुरू करा

प्रश्न : माझी मुलगी सतरा वर्षांची, बारावी कॉमर्सला आहे. अकरावीला ५४ टक्के पडले. सात वर्षांची असल्यापासून भरतनाट्यम शिकते, मध्यमा पूर्ण झाली आहे. रंगाने सावळी आहे, त्यामुळे नायिका होणार नाही हे मला कळतं. पण मालिकेत आई, वहिनी, खलनायिका अशी कामं तरी मिळावीत. मुंबईची एक अ‍ॅक्टिंग अकॅडमी सहा महिन्यांचे एक लाख ऐंशी हजार घेते आणि मालिकेत कामाची हमी देते. बारावी काय, पुढच्या वर्षी सतरा नंबरचा (बाहेरून परीक्षा देण्याचा) फॉर्म भरून देता येईल. दागिने गहाण ठेवायची माझी तयारी आहे. वजन उतरावं म्हणून दोन महिने तिचं रात्रीचं जेवण बंद केलंय. सुधा चंद्रनचा पाय गेला तरी ती नाचली, टीव्हीवर एवढी मोठी झाली, हे मी तिला रोज सांगते. तरी हिच्यात जिद्द दिसत नाही. वय निघून जाण्याआधी काय करावं?
– एक आई, सोलापूर

उत्तर : ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा नजर फीच्या आकड्यावर गेली. दुसऱ्यांदा मात्र जेवणाच्या ओळीपाशी थांबले आणि तिथून पुढे जाववेना.

भरतनाट्यम करणारी मुलगी अरैमंडीत नाचते. गुडघे बाहेरच्या बाजूला वाकवून, अर्धं बसून, आणि त्याच स्थितीत तळपाय जमिनीवर आपटत. आपल्याकडे तर बहुतेक क्लासमध्ये खाली शहाबादी फरशी असते. हे सगळं मांड्यांच्या बळावर चालतं आणि उपाशी पोटी तेच बळ आधी जातं. मग घोटा मुरगळतो, नडगी ठणकायला लागते. सतराव्या वर्षी हाडं अजून भरत असतात. नाचणाऱ्या मुलीला या वयात पोटाला कमी मिळालं तर पाळी लांबते, नडगीच्या हाडाला बारीक तडे जाऊ शकतात. तिची पाळी वेळेवर येते का, हे तुम्ही विचारलंय का? येत नसेल तर अकॅडमीला फोन करण्याआधी डॉक्टरांना दाखवा. आणि आज रात्री भाकरी, भाजी, शेंगाचटणी, दही, घरात जे असेल ते तिला पोटभर वाढा. माझं बाकीचं उत्तर त्यानंतर वाचलंत तरी चालेल.

जी मुलगी दोन महिने रात्री न जेवता झोपते आणि दुसऱ्या दिवशी कॉलेज करून पुन्हा तालमीला जाते, तिच्यात जिद्द नाही असं तुम्ही लिहिलंय. ताई, ती दमली आहे. दमलेलं माणूस आळशी दिसतं, एवढंच.

रंगाबद्दल एकच सांगते. ते वाक्य तुम्ही मला लिहिलंत, म्हणजे घरात ते तिनेही ऐकलेलं असणार. पुन्हा बोलू नका. कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं असो की पाच वर्षांच्या मुलींसमोर, स्वतःच्या चेहऱ्याची लाज बाळगून कुणालाच उभं राहता येत नाही.

आता सुधा चंद्रन. तुम्ही त्यांची गोष्ट रोज सांगता, पण अर्धीच. १९८१ च्या मे महिन्यात तमिळनाडूत त्यांच्या बसला अपघात झाला तेव्हा त्या जेमतेम तुमच्या मुलीच्या वयाच्या होत्या. पायाची जखम चिघळली आणि उजवा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. मग जयपूर फूट, म्हणजे कृत्रिम पाय. डॉ. प्रमोद करण सेठी आणि कारागीर रामचंद्र शर्मा यांनी घडवलेला हा पाय लावून त्या आधी चालायला शिकल्या, मग नाचायला. १९८४ मध्ये मुंबईत पुन्हा मंचावर उभ्या राहिल्या. पुढच्याच वर्षी त्यांच्या आयुष्यावर तेलुगू चित्रपट आला. त्यात त्यांनी स्वतःचीच भूमिका केली आणि राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळवला. या सगळ्यात शिक्षण सोडलं नाही, अर्थशास्त्रात एमए केलं. आणि ज्या भूमिकेमुळे घराघरांत त्यांना ओळखू लागले, ती ‘कहीं किसी रोज’ मधली टिकल्यांवाली रमोला सिकंद, ती आली २००१ मध्ये. मंचावर परतल्यानंतर सतरा वर्षांनी! ‘नागिन’ आली तेव्हा त्या पन्नाशीला पोचल्या होत्या. मग तुमच्या मुलीचं कुठलं वय निघून चाललंय?

आणखी एक. इतक्या वर्षांनंतर, २०२१ मध्ये, विमानतळावर दरवेळी कृत्रिम पाय काढून दाखवावा लागतो याबद्दल सुधाताईंनी जाहीरपणे दुःख बोलून दाखवलं होतं. म्हणजे ती वेदना अजून त्यांच्या रोजच्या जगण्यात आहे. एका बाईच्या त्या वेदनेची छडी करून आपल्या मुलीच्या पाठीवर रोज मारू नका. ‘तिला पाय नव्हता, तुला दोन आहेत’ यातून सतरा वर्षांची पोर एकच गोष्ट शिकते, की माझं दुखणं दुखणंच नाही.

उदाहरण हवंच असेल तर आपल्या सोलापूरचं घ्या. अभिनेत्री शशिकला, म्हणजे शशिकला जवळकर, इथे १९३२ साली जन्मल्या. लहानपणी जिल्ह्यात गावोगावी स्टेजवर नाचायच्या, गायच्या. वडिलांचा धंदा बुडाला, कुटुंब मुंबईला गेलं आणि घर चालवायचा भार या मुलीवर आला. शाळेच्या वयात ती स्टुडिओचे उंबरठे झिजवत होती. १९४५ मध्ये एका चित्रपटातल्या कव्वालीत उभं राहायला मिळालं, आणि ‘आरती’, ‘गुमराह’ यांसाठी सहाय्यक अभिनेत्रीची फिल्मफेअर मिळेपर्यंत साठचं दशक उजाडलं होतं. पुढे वयाच्या सत्तरीत त्या टीव्हीवर ‘सोनपरी’ मध्ये दिसल्या, २००७ मध्ये पद्मश्री झाल्या. मोठ्या कलावंत, वादच नाही. पण त्यांच्या बालपणाला मी हेवा करण्यासारखं म्हणणार नाही. त्या घरापुढे दुसरा इलाज नव्हता. तुमच्या घरात चूल पेटते आहे. मुलीच्या जिवावर घर उभं करायची वेळ तुमच्यावर आलेली नाही, मग ती ओढवून का घेताय?

आणि साधा हिशेब करा. आई, वहिनी, सासू, खलनायिका, या भूमिका बहुतेक वेळा तिशी-पस्तिशीनंतरच्या असतात. सतरा वर्षांच्या मुलीला आईचं काम कोण देणार? ज्या कामाला अजून पंधरा वर्षं अवकाश आहे, त्यासाठी बारावीच्या वर्षात कॉलेज सोडून सहा महिन्यांचा कोर्स! चरित्र अभिनेत्रीचं भांडवल म्हणजे पाहिलेली माणसं, ऐकलेली भांडणं, वाचलेलं, सोसलेलं. ते गोळा व्हायला तिला वेळ तरी द्या.

तुमच्या पत्रात आणखी एक समज दडलेला आहे आणि तो बऱ्याच पालकांत दिसतो : दहा वर्षं भरतनाट्यम केलं, म्हणजे अभिनय आलाच. शास्त्रात अभिनय चार प्रकारचा सांगितलाय : आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक. भरतनाट्यममध्ये अंग तयार होतं, भाव तयार होतो, वेशभूषेची समज येते. वाचिक मात्र गाणाऱ्याकडे असतं, नर्तिका मंचावर बोलत नाही. मालिकेत तर बोलायचंच असतं, तेही तासाभरापूर्वी हातात आलेली पानं पाठ करून. दुसरं म्हणजे मापाचा फरक. नृत्यात डोळे आणि भुवया शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला हव्यात. कॅमेरा हातभर अंतरावर असतो, तिथे तेच डोळे वटारल्यासारखे दिसतात. दहा वर्षं मोठं करायला शिकलेलं आता लहान करायला शिकावं लागतं. नृत्याने फायदा होतो, भरपूर होतो. उभं राहणं, ताल, श्वास, अंगातली शिस्त, हे सगळं मिळतं. पण बोलणं वेगळं शिकावं लागतं आणि ते शिकायला मुंबई लागत नाही. आपल्या हुतात्मा स्मृती मंदिरात राज्य नाट्य स्पर्धेची नाटकं होतात. एखाद्या हौशी संस्थेत आधी पडद्यामागे, मग दोन वाक्यांच्या भूमिकेत तिला उभं राहू दे. अतुल कुलकर्णी सोलापूरच्या हौशी रंगभूमीवरूनच राष्ट्रीय नाट्य विद्यालयात गेले आणि १९९५ मध्ये तिथून शिकून बाहेर पडले. आणि हो, ‘काय करलालाव’ ही आपली बोली पुसून टाकायची काही गरज नाही. प्रमाण मराठी तिच्या जोडीला येऊ दे. दोन्ही येणाऱ्या नटाला जास्त कामं असतात.

अकॅडमीचं स्पष्ट सांगते : पैसे भरू नका. मालिकेत कामाची हमी कुणीच देऊ शकत नाही, कारण निवड चॅनेल आणि निर्माता करतात, कोर्सवाले नाही. मागे बार्शीहून एक वडील माझ्याकडे आले होते. त्यांनी अशीच हमी ऐकून पैसे भरले होते. मुलाला काम मिळालं ते लग्नाच्या प्रसंगात मागे पाहुणा म्हणून उभं राहायचं, दोन दिवस. हमी पुरी झाली म्हणे! खऱ्या ऑडिशनला पैसे लागत नाहीत. आणि काम मिळालं तरी मालिकेत मानधन दिवसावर असतं, ते हातात यायला बहुतेक वेळा तीन महिने जातात. तोवर मुंबईतलं भाडं, खानावळ, लोकल कोण भागवणार? दागिने कपाटात राहू द्या.

आता ज्या गोष्टीने मला सगळ्यात जास्त विचारात पाडलं, ती. पत्राच्या पाठीमागे, निळ्या शाईत, बारीक अक्षरात तीन ओळी आहेत. तुम्हाला माहीत आहेत की नाही, कोण जाणे. “बाईंच्या क्लासमधल्या लहान मुलींना मी अडवू शिकवते. ते मला खूप आवडतं. मालिकेचं मला नक्की माहीत नाही.” अडवू म्हणजे भरतनाट्यमच्या मूळ पदन्यासाचे धडे.

तुमच्या दीड पानात ‘मला वाटतं’ सात वेळा आलंय, ‘तिला वाटतं’ एकदाही नाही. उत्तर तिने स्वतःच लिहून ठेवलं होतं. या मुलीला शिकवायला आवडतं, आणि हा काही दुय्यम पर्याय नाही. चांगल्या नृत्यशिक्षिका कुठल्याही शहराला कधी पुरत नाहीत.

त्यामुळे बारावी नीट होऊ दे, ५४ टक्क्यांनी यातलं काहीच अडत नाही. बारावीनंतर सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात भरतनाट्यममध्ये बीए करता येतं, प्राजक्ता माळी तिथेच शिकल्या. मुंबईत नालंदा नृत्यकला महाविद्यालय आहे. पुणे परवडणार नसेल तर इथेच बीकॉम आणि सोबत गंधर्व महाविद्यालय मंडळाच्या विशारदच्या दोन परीक्षा. मात्र विशारद झालं म्हणजे विद्यापीठाची पदवी झाली असं धरून चालू नका. अठरा पूर्ण झाल्यावर केंद्र सरकारच्या सांस्कृतिक मंत्रालयाच्या तरुण कलाकार शिष्यवृत्तीचा अर्ज भरा : वय १८ ते २५, महिना पाच हजार, दोन वर्षं. राष्ट्रीय नाट्य विद्यालय किंवा पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-टीव्ही संस्थेचा विचार पदवीनंतर, तोही तिने विषय काढला तरच.

पुढचे दोन महिने घरात मालिकेचं नाव काढू नका. एखाद्या रविवारी क्लासच्या दारात गुपचूप उभ्या राहा आणि ती लहान मुलींना कशी शिकवते ते बघा. तिला कळू देऊ नका.

आणि अगं, निळ्या शाईवाली, पुढचं पत्र तू लिही. तट्टडवू, म्हणजे तळपाय आपटायचा पहिला अडवू, शिकवताना एखाद्या मुलीचा पाय सारखा उशिरा पडत असेल, तर तू काय करतेस? हात धरतेस, टाळी देतेस, की शेजारी उभी राहून तिच्याबरोबर नाचतेस? सविस्तर लिही. गुण, टक्के काही लिहू नकोस.