टेस्टिंगला नवीन आहेस ना, मग आधी अ‍ॅप चालवून बघ
हे बघ, कोड वाचून बरोबर वाटला म्हणजे टेस्ट झालं असं नाही रे, चालव आणि ते काय करतंय ते नीट बघ. पिन कोडला बेळगावचा 590001 तर सगळेच टाकतात, तू 5 आकडे टाक, 7 टाक, मोकळं सोड, मागं स्पेस ठेवून पेस्ट कर, बग, म्हणजे अ‍ॅपमधल्या चुका, बहुतेक अशा काठावरच सापडतात.

आणि आपल्या बेळगावात तर अशा बगची खाणच हाय. 1 नोव्हेंबर 2014 ला सरकारी नाव बेळगावी झालं, आता जुन्या रेकॉर्डला 'बेळगाव' आणि ड्रॉपडाऊनला (निवडायच्या यादीत) फक्त 'बेळगावी' असेल तर तो रेकॉर्ड उघड, नुसता फोन नंबर बदल, सेव्ह कर आणि जिल्हा गपचूप रिकामा होतोय काय बघ की. 'सेव्ह झालं' दिसलं म्हणून विश्वास ठेवू नको, परत उघडून बघ, लॉग, म्हणजे अ‍ॅपनं काय काय केलं त्याची नोंद, ती पण बघ. 'कऱ्हाडे' आडनावातला ऱ्ह युनिकोडमध्ये (कॉम्प्युटर अक्षरं ज्या कोडनं साठवतो त्यात) दोन तऱ्हेनं टाइप होतो, दिसायला सेम, पण सर्चला सापडेलच असं नाही, हे मला फार महत्त्वाचं वाटतं कारण माणसाचं नावच हरवतं त्यात.

बग कळवताना नुसतं 'चालत नाही' लिहू नको बाबा, काय टाकलं, काय व्हायला पाहिजे होतं, काय झालं, फोन कुठला, एवढं लिही.